सुंठेची माणसं

बुधवार पेठेत राहणाऱ्या माणसाला एक गुर्मी असते. काय लागेल ते जिना उतरला की मिळतं, ही ती गुर्मी. पुस्तक हवंय? अप्पा बळवंत चौक. वायर, बल्ब, बिघडलेल्या रिमोटच्या पोटातली ती नखाएवढी चकती? तपकीर गल्ली. भांडं, बांगडी, साचा, देवाचं वस्त्र? तुळशीबाग. नवस बोलायला दगडूशेठ, आणि त्याच्याही आधीची ग्रामदेवता हवी असेल तर तांबडी जोगेश्वरी. घरबसल्या मोबाइलवर सामान मागवणं हे बाणेर-बालेवाडीच्या लोकांसाठी आहे, त्यांना जिना उतरला की फक्त पार्किंग लागतं, असं मी आजवर पुष्कळांना ऐकवलेलं आहे. बाणेरला राहणारा माझा मेहुणा त्यांतला प्रमुख.

डिसेंबरच्या तिसऱ्या आठवड्यात कन्येच्या शाळेच्या ग्रुपवर संदेश आला. नाताळनिमित्त चोवीस तारखेला प्रत्येक मुलाने जिंजरब्रेड कुकीज घरी, पालकांच्या मदतीने, भाजून व सजवून आणाव्यात. विकत आणलेल्या चालणार नाहीत. जमल्यास जिंजरब्रेडचं छोटं घरही करावं.

'पालकांच्या मदतीने' म्हणजे मूल साडेनऊला झोपतं आणि पालक दीडपर्यंत जागतात, हे आता सगळ्यांना ठाऊक आहे. पण 'जमल्यास' हा शब्द पुण्यात वापरायचा नसतो. पन्नासेक पालकांनी तो वाचला आणि प्रत्येकाने मनात म्हटलं, न जमायला काय झालंय?

"मी टीचरना सांगून टाकलंय," कन्या म्हणाली. "माझे बाबा सिव्हिल इंजिनिअर आहेत, ते घर करतील."

बायको म्हणाली, "अहो, लष्करात जाऊन मुकाट्याने श्रूजबरी घेऊन या. वरून थोडी साखर लावू." तिचं म्हणणं वाजवी होतं. कयानी बेकरी 1955 पासून ईस्ट स्ट्रीटवर त्याच कामासाठी उभी आहे, आणि पेठेतला माणूस एरवी नदी ओलांडून डेक्कनला जायला कुरकुरतो, पण श्रूजबरीसाठी लष्करात रांग लावतो. मात्र इथे माझ्या पदवीचा प्रश्न आला होता.

पाककृती मोबाइलवर सापडली. ती कप, औंस आणि फॅरनहाइटमध्ये होती. माझी आई कमलाबाई ओगल्यांच्या 'रुचिरा'वर वाढलेली, म्हणजे लग्नानंतरची वाढ. त्या पुस्तकाने 1970 पासून महाराष्ट्राला सगळं वाटी-चमच्यात सांगून ठेवलंय.

"किती वाट्या मैदा?" आईने विचारलं.

"तीन कप."

"कुणाचा कप? पाहुण्यांचा की आपला?"

मी पुढे वाचलं, "ओव्हन 350 फॅरनहाइटवर. म्हणजे साधारण 175 सेल्सिअस."

"म्हणजे मंद की मध्यम, ते सांग."

हे काही त्या पाककृतीत नव्हतं. इतिहास मात्र पुष्कळ होता. जर्मनीतलं न्यूरेंबर्ग या मसालेदार बिस्किटांसाठी कित्येक शतकं प्रसिद्ध आहे. इंग्लंडची पहिली एलिझाबेथ राणी दरबारी पाहुण्यांच्या आकाराची आल्याची बिस्किटं करवून ती त्या पाहुण्यांनाच खायला घालायची, असं सांगतात. आणि ग्रिम बंधूंनी 1812 साली हान्सेल आणि ग्रेटेलची गोष्ट छापली, त्यात जंगलातल्या चेटकिणीचं घरच खाण्याचं आहे. ही गोष्ट मी आईला थोडक्यात सांगितली. घरात खायला नाही म्हणून आईबाप मुलांना रानात सोडून येतात, मुलं घर कुरतडतात, चेटकीण मुलांना खायला बघते, मुलं चेटकिणीला भट्टीत ढकलतात.

"आणि हे सणाला करतात?" आई म्हणाली. "आपली म्हातारी निदान भोपळ्यात बसून सुखरूप घरी तरी येते."

आता सामान. मैदा, लोणी, खायचा सोडा घरात होतं. दालचिनी, लवंग, जायफळही होतं. मोलॅसिस म्हणून जे लिहिलं होतं त्याच्या जागी काकवी घ्यायची असं बायकोने ठरवलं आणि ते बरोबरच होतं. राहिली सुंठ. पाककृतीत ती दोन मोठे चमचे होती. मी बांधकामातला माणूस. लागेल तेवढंच सामान आणणं आमच्यात बेजबाबदारपणाचं समजतात, फॅक्टर ऑफ सेफ्टी धरावा लागतो. मंडईजवळच्या काष्ठौषधीच्या दुकानात जाऊन मी म्हटलं, "सुंठेची पूड अर्धा किलो द्या."

दुकानदारांनी चष्म्यावरून पाहिलं आणि विचारलं, "मुलगा की मुलगी?"

"मुलगी," मी म्हणालो. एकच आहे, त्यात लपवायचं काय?

"वा! लक्ष्मी आली. बाळंतीण कशी आहे?"

खुलासा करायला मी तोंड उघडलं, पण तोवर डिंक तोलून झाला होता, अळिवाची पुडी बांधून झाली होती आणि खारीक बियांसकट घ्यावी की बिनबियांची यावर मागच्या दोन बायकांनी चर्चा सुरू केली होती. त्यांतल्या एकीने मला बाळंतशेपांची आठवण केली. दुसरीने माझ्या वयाचा अंदाज घेतला आणि ती काही बोलली नाही. ती अर्धा किलो सुंठ, पाव किलो डिंक, अळिवाची पुडी आणि सगळ्या दुकानाचे आशीर्वाद घेऊन मी बाहेर पडलो.

पुढे तुळशीबाग. इथे मी निर्धास्त होतो. 1761 साली नारो अप्पाजी खिऱ्यांनी इथलं राममंदिर बांधायला घेतलं, त्याच्याभोवती हळूहळू संसाराला लागणारी यच्चयावत वस्तू जमली. करंजीचं कातणं, मोदकाचा साचा, चकलीचा सोऱ्या, बाहुलीएवढा पोळपाट. तिथे बिस्किटाचा साचा न मिळायला काय झालं?

"माणसाचा साचा आहे का?" मी विचारलं.

"माणूस संपला," ताई म्हणाल्या. "शेवटचा माणूस कालच गेला."

"अरेरे!" माझ्या मागे उभ्या असलेल्या एक आजी कळवळल्या. "आजारी होते का?"

ताईंनी बाकीचा माल दाखवला. बदाम होता, मासा होता, फुलपाखरू होतं, हत्ती होता. सगळ्या शाळांनी एकाच आठवड्यात माणूस मागितला तर तो पुरणार कुठून, असं त्यांचं म्हणणं. पण तुळशीबागेत गिऱ्हाईक रिकाम्या हाताने जाऊ देत नाहीत. त्यांनी पत्र्याची चांदणी उचलली आणि माझ्यासमोर उभी धरली.

"हे बघा. हे दोन हात. हे दोन पाय. वरचं टोक बोटाने गोल करायचं. झाला माणूस. अजून काय असतं माणसाला?"

शरीररचनेबद्दल इतकं स्वच्छ विवेचन मी ऐकलं नव्हतं. चांदणी घेतली. तिच्या साच्यातून निघालेली माणसं हातपाय ताणून, बेलबाग चौकात विसर्जन मिरवणुकीच्या दिवशी गर्दी अडवायला उभ्या केलेल्या पोलिसांसारखी दिसायची, पण दिसायची माणसंच.

पीठ मळून झालं. लोणी, काकवी आणि मसाले एकत्र आले की त्या गोळ्याला गडद तपकिरी रंग येतो आणि तो बोटांना सोडत नाही. म्हणून लाटण्याआधी थंड करावा लागतो, नाहीतर साचा उचलला की माणूस निघतो आणि पाय पोळपाटावर राहतात. गोळा फ्रिजमध्ये ठेवला. तोवर वास जिन्यात पोचला होता. सुंठ, लवंग, दालचिनी, गूळ. करोनानंतर पुण्यात या वासाचा एकच अर्थ होतो. पहिल्या पाच मिनिटांत शेजारच्या काकू दारात.

"कुणाला बरं नाही? काढ्याचा वास आला म्हणून आले. तुळस घातलीत ना?"

"काकू, बिस्किटं करतोय."

"काढ्याची?"

"नाताळची."

काकू थोडा वेळ थांबल्या. मग म्हणाल्या, "ज्येष्ठमध घातला असतात तर घसाही सुटला असता." वरच्या मजल्यावरून निरोप आला की वाफ घ्यावी. खालच्या मजल्यावरच्या काकांनी मुलाबरोबर पॅरासिटामोलची पट्टी पाठवली. आमच्या वाड्यात कुणी जिंजरब्रेड पाहिलेलं नव्हतं, त्यामुळे कुणालाच संकोच नव्हता. जी गोष्ट आयुष्यात कधी केलेली नाही तिच्याबद्दल आमच्याकडे जितक्या ठामपणे सल्ला मिळतो तितका केलेल्या गोष्टीबद्दल मिळत नाही. जिने खरंच केलेलं असतं ती बाई "बघ बाई, कधी जमतं कधी नाही" म्हणून गप्प बसते.

आई तेवढी निश्चिंत होती. "रामजन्माला आपण सुंठवडा वाटतो," ती कणीक मळता मळता म्हणाली. "बाळंतिणीला सुंठ देतो. त्यांच्या देवाचा जन्म झाला, त्यांनी सुंठेची बिस्किटं केली. यात नवीन काय आहे? मला आधी विचारलं असतंस तर मी सांगितलं असतं."

मग आमचा छोटा ओव्हन लावला आणि जिन्यातले दिवे गेले. वाड्याचं वायरिंग जुनं आहे. गिझर आणि मिक्सर एकत्र चालले तरी त्याला घाम फुटतो. ओव्हन पुन्हा लावला, पाण्याचा पंप बंद पडला. खालून हाका आल्या, त्यांत आजारी माणसाबद्दलची मघाची सहानुभूती नव्हती. शेवटी ताटं फडक्याने झाकली आणि ती घेऊन मी बेकरीची वाट धरली.

हा पुण्याचा जुना रिवाज. माझ्या लहानपणी मे महिन्यात घरोघरचे डबे बेकरीत जायचे. रवा, मैदा, तूप, पिठीसाखर आपली, भट्टी त्यांची, मजुरी किलोवर. तुपातली नानकटाई पत्र्यांवर मांडून आत जायची आणि बायका बाहेर बाकावर बसून आपल्या पत्र्यावर लक्ष ठेवायच्या, कारण आपलं तूप दुसरीच्या नानकटाईत जातं याची प्रत्येकीला खात्री असे. भट्टीवाले मामा तेव्हा जे बोलायचे तेच आता त्यांचा मुलगा बोलतो, "सोडून जा, संध्याकाळी या." मी फडकं काढलं. तो बघत राहिला.

"साहेब, ही काय? नानकटाई नाही, खारी नाही."

"माणसं आहेत."

"ते दिसतंय," तो म्हणाला. "पाय बारीक केलेत. पाय आधी जळणार, पोट कच्चं राहणार."

तसंच झालं. पातळ टोकं भट्टीच्या आचेला आधी लागतात, मधला जाड भाग मागे पडतो. त्याने मग पुढची ताटं भट्टीच्या तोंडाशी, मंद आचेवर ठेवली आणि ती उत्तम भाजून निघाली. मी 350 फॅरनहाइटचा विषय काढणार होतो, पण भट्टीत हात घालून आच सांगणाऱ्या माणसापुढे धीर झाला नाही. पहिल्या ताटातल्या माणसांचे पाय काळे पडले होते. "बूट घातलेत त्यांनी," कन्येने निर्णय दिला.

सजावटीचा खरा आयसिंग अंड्यातला पांढरा भाग आणि पिठीसाखर फेटून करतात. तो वाळला की दगडासारखा कडक होतो, म्हणूनच घराच्या भिंती त्याने चिकटतात. अंडं म्हटल्यावर आईने एवढंच सांगितलं, "गॅलरीत फेटा, आणि ते भांडं माझ्या ओट्यावर यायचं नाही." गॅलरी समोरच्या वाड्यातून स्वच्छ दिसते आणि समोरच्या वाड्यात आईच्या भिशीतल्या तिघी राहतात. त्यामुळे तडजोड म्हणून पिठीसाखर दुधात कालवली. दूध जरा सढळ पडलं. चारोळीचे डोळे, मनुक्यांची बटणं, बडीशेपेच्या रंगीत गोळ्यांचं हसू, सगळं बायकोने सुबक लावलं, आणि अर्ध्या तासात ते खाली ओघळू लागलं. डोळे गालांवर आले. हसू हनुवटीवरून छातीवर उतरलं.

"बाबा, सगळे का रडतायत?"

"भट्टीचे चटके बसलेत," आई म्हणाली आणि तिने ताट आपल्याकडे ओढलं.

डिसेंबर संपत आला की तुळशीबागेत संक्रांतीचा हलवा आणि हलव्याचे दागिने दिसायला लागतात. आमच्या नात्यात एका बाळाचं बोरन्हाण होतं, त्यासाठी आईने मुकुट, बाजूबंद, हार असा संच आणून ठेवला होता. वर सुटा काटेरी हलवाही होता. ती हलवा घरी करायची तेव्हाचं मला आठवतं. मंद आचेवर परातीत तीळ, त्यावर पाकाचे थेंब, आणि बोटांनी तासन्‌तास हलवत राहणं, तेव्हा कुठे एकेका दाण्याला काटा फुटायचा. तिला आयसिंगचं काय कौतुक? तिने ओघळलेले चेहरे सुरीने खरवडले, कपाळावर केशराचं गंध लावलं, डोक्यावर मुकुट, दंडाला बाजूबंद. माणसांच्या अंगावर लग्नघरातली कळा आली.

राहिलं घर. मी रीतसर नकाशा काढला होता, दर्शनी भाग, छेद, छपराचा उतार. पण पीठ भट्टीत फुगतं आणि पसरतं हे नकाशाला माहीत नव्हतं. समोरासमोरच्या भिंती दोन निरनिराळ्या घरांच्या वाटत होत्या आणि छपराचा एक उतार कडेने जळाला होता. दुधाच्या आयसिंगने भिंती उभ्या केल्या, त्या एकमेकींना टेकून निवांत बसल्या. खालच्या मजल्यावरचे काका हे सगळं खुर्चीत बसून पाहत होते. काकांनी तीस वर्षं बांधकामाचे ठेके घेतलेत.

"ओळंबा लावला होता का?"

"बिस्किटाचं घर आहे, काका."

"पाया कुठाय?"

"ताटली."

"पार्किंग?"

मी उत्तर दिलं नाही. आमच्या वाड्याच्या पुनर्विकासाच्या बैठकीत काका गेली कित्येक वर्षं हेच प्रश्न बिल्डरला विचारत आहेत, आणि बिल्डरनेही आम्हाला उतरत्या छपराचं असंच एक रंगीत चित्र दाखवलं होतं. जळकं छप्पर पाहून मात्र काका खूश झाले. "वाईट वाटून घेऊ नकोस. पुण्यातला वाडा जळाल्याशिवाय इतिहासात जात नाही. शनिवारवाडा 1828 ला जळाला. आपल्या पेठेतला बुधवारवाडा 1879 ला जळाला, तेव्हापासून लोक त्याचं नाव काढतात. तुझा आज जळाला."

आईने गॅसवर चिक्कीचा गूळ चढवला. पाककृती देणाऱ्या बाईंकडे यासाठी वेगळा थर्मामीटर होता. आईने वाटीत पाणी घेतलं आणि पाकाचा थेंब त्यात सोडला. थेंब चेपला गेला, तिने मान हलवली. थोड्या वेळाने पुन्हा सोडला, बोटाने उचलून वाटीच्या कडेवर आपटला. टक्कन वाजला. "आण भिंती." पाक लावलेली कड दुसऱ्या कडेला टेकवली आणि पाच आकडे मोजेपर्यंत भिंत उभी राहिली ती राहिलीच. जळक्या छपरावर बर्फ म्हणून तिने पांढरा हलवा पसरला. बुधवार पेठेत याहून जास्त बर्फ पडलेला नाही.

"गूळ वापरला की घर पडत नाही," काका काकूंना समजावून सांगत होते. "मी म्हणतच होतो."

चोवीस तारखेला सकाळी रिक्षात मांडीवर घर आणि कन्येच्या हातात डबा, असे आम्ही शाळेत पोचलो. रिक्षावाल्याने प्रत्येक गतिरोधकाला "साहेब, सांभाळा वास्तू" असं बजावलं. शाळेच्या दारात पाटी होती, सर्व कुकीज केवळ प्रदर्शनासाठी आहेत, मुलांनी खाऊ नयेत, काहींना ऍलर्जी असू शकते. एकूण पन्नास घरांमध्ये अर्धी रात्र जागून जे भाजलं गेलं ते कुणाच्याही तोंडात जाणार नव्हतं. बाईंनी आमची मुकुट घातलेली, बाजूबंदवाली माणसं पाहिली आणि त्या हरखल्या.

"ओह! थ्री किंग्ज! बाळ येशूला भेटायला आलेले राजे! ही कल्पना कुणालाच सुचली नाही!"

मी नम्रपणे मान खाली घातली. पहिलं बक्षीस मिळालं. घरावर "बाबांची मदत जास्त दिसते" असा शेरा होता. हा शेरा आईला वाचून दाखवला तेव्हा ती दोन दिवस माझ्याशी बोलली नाही.

सगळं सामान परत घरी आलं. मेहुण्याने येऊन एक राजा चावून पाहिला आणि दात सलामत आहेत का ते तपासलं. नुसती खाल्ली तर बिस्किटं कडक आहेत. चहात मोजून दोन सेकंद बुडवली तर फार छान लागतात, खोकल्यालाही बरी असं काकू म्हणतात, आणि आले-गवतीचहा घातलेल्या चहात नकोत, सुंठ दुप्पट होते. घर मात्र अजून ओट्यावर उभं आहे. ते फोडायला बत्ता लागेल, आणि काकांचं म्हणणं आहे की सगळ्या भाडेकरूंची लेखी संमती असल्याशिवाय फोडू नये.

सुंठ चारशे ग्रॅमच्या वर उरली आहे. डिंक आणि अळीव तर फोडलेलेही नाहीत. बुधवार पेठेत किंवा आसपास कुणाच्या घरी बाळंतीण असेल, तर येऊन घेऊन जावं. पैसे नकोत. येताना पिशवी आणावी.